गाणं जॉन प्राइनचं, हिट दुसऱ्याची: गीतकार-गायकाचं पोट नेमकं कशावर चालतं?

1998 च्या उन्हाळ्यात अमेरिकेतल्या कंट्री संगीताच्या (तिकडच्या ग्रामीण वळणाच्या लोकप्रिय गाण्यांच्या) यादीत गायक जॉर्ज स्ट्रेटचं ‘आय जस्ट वाँट टू डान्स विथ यू’ तीन आठवडे पहिल्या क्रमांकावर होतं. रेडिओवर दिवसभर वाजणारं, लग्नात नाचायला लावायचं, असं हे हलकंफुलकं गाणं. ते दोघांनी मिळून लिहिलं होतं. एक इंग्लंडहून येऊन कंट्री संगीताचं माहेरघर असलेल्या नॅशव्हिलमध्ये स्थिरावलेला रॉजर कुक, आणि दुसरा गीतकार-गायक जॉन प्राइन. त्याच वर्षी प्राइनच्या मानेवर कॅन्सरची शस्त्रक्रिया झाली होती आणि पुन्हा गाता येईल की नाही याची त्याला खात्री नव्हती. हेच गाणं त्याने स्वतः 1986 मध्ये रेकॉर्ड केलं होतं. तेव्हा ते त्याच्या चाहत्यांच्या पलीकडे फारसं कुणाला माहीत झालं नाही.

प्राइनच्या पन्नास वर्षांच्या कारकिर्दीकडे पाहिलं की हा प्रकार पुन्हा पुन्हा दिसतो. त्याच्या स्वतःच्या आवाजातलं एकही गाणं कंट्री रेडिओवर मोठं हिट झालं नाही. तरीही तो या पेशात सुखाने जगला, स्वतःची कंपनी काढली, वयाच्या 71 व्या वर्षी त्याचा अल्बम अमेरिकेच्या मुख्य यादीत पाचवा आला, आणि बॉब डिलनसारख्याने त्याचं नाव आपल्या आवडत्या गीतकारांत घेतलं. हे जमलं कसं? प्रतिभा होतीच, पण प्रतिभा असलेली पुष्कळ माणसं या धंद्यात कफल्लक झाली. प्राइनचं जमलं ते कायद्याच्या आणि व्यवहाराच्या काही गोष्टींमुळे. आपल्याकडे संगीतावर इतकं बोललं जातं, पण या गोष्टी सहसा कुणी समजावून सांगत नाही.

आधी माणूस कोण ते पाहू. जन्म 1946, शिकागोला लागून असलेलं मेवुड. आईवडील मूळचे केंटकी राज्यातल्या म्यूलेनबर्ग काउंटीचे, म्हणजे कोळशाच्या खाणींचा मुलूख. पोटासाठी उत्तरेकडे आलेलं कुटुंब, पण घरात गाणी गावाकडचीच. चौदाव्या वर्षी मोठ्या भावाने गिटार शिकवली. 1966 मध्ये सैन्यात सक्तीची भरती झाली. नशिबाने व्हिएतनामऐवजी पश्चिम जर्मनीत गाड्या दुरुस्त करायचं काम मिळालं. सैन्यात जाण्याआधी तो पोस्टमन होता आणि परत आल्यावरही पुन्हा टपालच वाटू लागला.

पोस्टमनच्या कामाबद्दल त्याने पुढे बरंच सांगितलं आहे. एकदा रस्ता पाठ झाला की डोकं मोकळं राहतं, मग चालता चालता गाणी रचायची. शिकागोच्या हिवाळ्यात वारा अंगावर येतो, तेव्हा वाटेतल्या टपाल साठवायच्या मोठ्या लोखंडी पेटीत शिरून बसायचं आणि तिथेच डबा खायचा. त्याची सुरुवातीची सगळी थोर गाणी या काळातली आहेत, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. रोज शेकडो दारांपुढून जाणाऱ्या माणसाला बंद दारांआडचं आयुष्य जसं दिसतं, तसं ते या गाण्यांत आहे. ‘हॅलो इन देअर’ म्हाताऱ्या जोडप्याच्या एकटेपणावर आहे. लहानपणी वृद्धाश्रमात वर्तमानपत्रं टाकायला जाताना पाहिलेले चेहरे त्यामागे होते. ‘सॅम स्टोन’ युद्धातून पदक आणि अमली पदार्थांचं व्यसन घेऊन परतलेल्या सैनिकाचं गाणं. त्याच्या ध्रुवपदात बापाकडे पाहणाऱ्या पोराची नजर आहे: घरातला पैसा बापाच्या दंडातल्या एका भोकातून वाहून जातोय, एवढंच त्या पोराला दिसतं. सुईचं नावही घ्यावं लागत नाही. हे गाणं लिहिलं तेव्हा प्राइन पंचविशीचाही नव्हता.

शिकागोत ‘फिफ्थ पेग’ नावाचं एक छोटं ठिकाण होतं, ओल्ड टाउन स्कूल ऑफ फोक म्युझिकच्या समोरच. तिथे कुणीही उठून गाऊ शकेल अशी एक रात्र असायची. तिथे प्राइन पहिल्यांदा गायला. गाणी संपल्यावर लोक गप्प बसून राहिले, टाळ्या जरा वेळाने आल्या. 1970 च्या ऑक्टोबरमध्ये चित्रपट समीक्षक रॉजर ईबर्ट असाच तिथे येऊन टेकला. चित्रपटगृहातले पॉपकॉर्न फार खारट लागले म्हणून तो अर्ध्यातून उठून बिअर प्यायला आला होता. मग त्याने चित्रपटाऐवजी या गाणाऱ्या पोस्टमनवर लेख लिहिला. पुढच्या वर्षी मित्र स्टीव्ह गुडमनने गायक क्रिस क्रिस्टोफरसनला अपरात्री ओढून आणलं, खुर्च्या टेबलांवर चढवलेल्या होत्या, आणि प्राइनने त्याला गाणी ऐकवली. न्यूयॉर्कमध्ये क्रिस्टोफरसनने आपल्या कार्यक्रमात त्याला तीन गाणी गायला दिली. श्रोत्यांत अटलांटिक रेकॉर्ड्सचा जेरी वेक्सलर होता. दुसऱ्या दिवशी करार झाला.

पहिला अल्बम 1971 चा. मुखपृष्ठावर प्राइन गवताच्या भाऱ्यांवर बसलेला आहे. आयुष्यात तो त्याआधी कधी गवताच्या भाऱ्यावर बसला नव्हता, हे त्याने स्वतःच सांगितलं आहे. तो शहराच्या कडेला वाढलेला कामगाराचा मुलगा, पण कंपनीला ‘कंट्री’ दिसणारा माणूस हवा होता. ही अडचण त्याला पुढे बरीच वर्षं पुरली. कंट्री रेडिओसाठी त्याचा आवाज खरखरीत आणि विषय जड. लोकसंगीताच्या मंडळींसाठी तो जरा जास्तच नॅशव्हिलकडे झुकलेला. रॉकवाल्यांना गिटार शांत वाटायची. अमेरिकेत रेडिओ स्टेशनं एकेका प्रकाराला वाहिलेली असतात, त्यामुळे दोन खणांच्या मधला माणूस कुठल्याच स्टेशनवर वाजत नाही. समीक्षकांनी डोक्यावर घेतलेला हा अल्बम विक्रीच्या यादीत पहिल्या शंभरातही आला नाही.

पण त्याच अल्बममधली गाणी दुसऱ्यांनी उचलली. ‘हॅलो इन देअर’ बेट मिडलरने 1972 मध्ये आणि जोन बाएझने 1975 मध्ये गायलं. कोळशासाठी खणून नाहीसं झालेल्या, आईवडिलांच्या मुलखातल्या गावाबद्दलचं ‘पॅरडाइज’ जॉन डेन्व्हरने 1972 मध्येच गायलं. ‘एंजल फ्रॉम माँटगोमरी’ बॉनी रेटने 1974 मध्ये घेतलं आणि पुढे जन्मभर गात राहिली. अनेकांना ते तिचंच गाणं वाटतं.

आता मुख्य मुद्दा. आपण जेव्हा ‘एक गाणं’ म्हणतो, तेव्हा कायद्याच्या दृष्टीने त्यात दोन वेगवेगळ्या मालमत्ता असतात. शब्द आणि चाल मिळून झालेली रचना ही पहिली. ही लिहिणाऱ्याची, आणि त्याने ज्या प्रकाशकाशी (म्हणजे गाण्याचे हक्क सांभाळून पैसे वसूल करणाऱ्या कंपनीशी) करार केला असेल त्याची. त्या रचनेचं एखाद्या स्टुडिओत केलेलं एक विशिष्ट ध्वनिमुद्रण ही दुसरी, आणि ती सहसा पैसे घालणाऱ्या रेकॉर्ड कंपनीची. रचना म्हणजे जमीन आणि ध्वनिमुद्रण म्हणजे त्यावर काढलेलं पीक असं समजा. एका जमिनीत कितीही जणांनी पीक घेतलं तरी प्रत्येक वेळी मालकाचा खंड ठरलेला.

अमेरिकन कायदा इथे गीतकाराला एका बाबतीत बांधतो आणि दुसऱ्या बाबतीत मोकळं सोडतो. रचना एकदा संमतीने ध्वनिमुद्रित होऊन बाजारात आली, की त्यानंतर कुणीही ती गाऊन रेकॉर्ड काढू शकतो. मूळ गाभा बदलायचा नाही आणि कायद्याने ठरवलेला दर भरायचा, एवढी अट. गीतकार नाही म्हणू शकत नाही. 1909 पासून 1977 पर्यंत हा दर प्रतीमागे दोन सेंट होता, तब्बल अडुसष्ट वर्षं तेवढाच. 1978 पासून तो वाढत गेला. 1998 मध्ये 7.1 सेंट होता, 2006 पासून बरीच वर्षं 9.1, आणि 2023 मध्ये 12 सेंट झाला.

सेंट ऐकून हसू येईल, पण हिशोब करून पाहा. समजा 1998 मध्ये एखाद्या बड्या गायकाच्या अल्बममध्ये तुमचं एक गाणं आहे आणि अल्बमच्या दहा लाख प्रती खपल्या. 7.1 सेंटने 71,000 डॉलर होतात. गीतकार दोन, म्हणून तुमच्या वाट्याला 35,500. प्रकाशक बाहेरचा असेल तर रिवाजाप्रमाणे निम्मे त्याचे. ही फक्त प्रतींवरची रक्कम, आणि त्यासाठी तुम्ही स्टुडिओत पाऊलही टाकलेलं नाही.

याहून मोठा पैसा रेडिओचा. अमेरिकेत साधं, हवेतून ऐकू येणारं रेडिओ स्टेशन गाणं वाजवतं तेव्हा गाणाऱ्याला आणि रेकॉर्ड कंपनीला एक दमडीही देत नाही. ते पैसे देतं फक्त रचनेच्या मालकांना, म्हणजे गीतकार, संगीतकार आणि प्रकाशकांना. वसुली अॅस्कॅप आणि बीएमआयसारख्या संस्था करतात. उपग्रहावरून आणि इंटरनेटवरून चालणाऱ्या रेडिओला आता गायकांनाही द्यावे लागतात, पण जुन्या रेडिओचा नियम अजून तोच आहे. म्हणजे जॉर्ज स्ट्रेटचा आवाज महिनोन्महिने घराघरांत वाजला, त्या प्रत्येक वेळेचे पैसे प्राइन आणि कुक यांच्या बाजूला जमा झाले, स्ट्रेटच्या नाही. स्ट्रेटला मिळाली ती रेकॉर्डची विक्री आणि भरलेली स्टेडियमं. 1983 मध्येही हेच घडलं होतं. प्राइन आणि कुक यांचंच ‘लव्ह इज ऑन अ रोल’ डॉन विल्यम्सने गायलं आणि ते कंट्री यादीत पहिलं आलं.

गाण्यावर नाव असणं म्हणजे काय, याचा उलट दाखलाही प्राइनच्याच आयुष्यात आहे. स्टीव्ह गुडमनबरोबर त्याने ‘यू नेव्हर इव्हन कॉल्ड मी बाय माय नेम’ लिहिलं. कंट्री गाण्यांतल्या ठरावीक गोष्टींची थट्टा करणारं ते गाणं. नॅशव्हिलच्या लोकांना राग येईल म्हणून प्राइनने आपलं नाव काढायला लावलं. 1975 मध्ये डेव्हिड अॅलन को याने ते गायलं आणि ते कंट्री यादीत पहिल्या दहात गेलं. सगळी रॉयल्टी गुडमनच्या नावावर. गुडमनने त्या पैशातून मित्राला एक जुन्या पद्धतीचा ज्यूकबॉक्स, म्हणजे नाणं टाकून गाणं वाजवायचं यंत्र, भेट दिला. मैत्री म्हणून ही गोष्ट सुंदर आहे. हिशोब म्हणून पाहिलं, तर कागदावरच्या एका सहीची किंमत किती असते ते यात उघड दिसतं.

आपल्याकडच्या वाचकाला इथे प्रश्न पडेल की भारतात काय? भारतातही ध्वनिमुद्रित गाण्याची नवी आवृत्ती काढायची परवानगी कायदा देतो, पण पहिल्या ध्वनिमुद्रणाच्या वर्षानंतर पाच वर्षं उलटावी लागतात. आणि आपल्याकडे गाण्यांचा मोठा हिस्सा सिनेमाचा. तिथे गीतकार-संगीतकार एकरकमी पैसे घेऊन सगळे हक्क निर्मात्याला लिहून देत. 2012 च्या दुरुस्तीने ते बदललं. चित्रपटगृहाबाहेर गाणं वापरलं गेलं तर रॉयल्टीचा समान वाटा गीतकार-संगीतकाराचा, आणि वारस किंवा रॉयल्टी वसूल करणारी कॉपीराइट संस्था सोडून हा हक्क कुणालाही लिहून देता येत नाही. जावेद अख्तर यांनी यासाठी राज्यसभेत आणि बाहेर झुंज दिली. मराठीत स्वतः लिहून, चाल लावून गाणारी पोरं आता खूप आहेत. त्यांनी निदान एवढं तरी पाठ करून ठेवावं असं मला मनापासून वाटतं.

रचनेचं असं झालं. दुसऱ्या मालमत्तेचं, ध्वनिमुद्रणाचं काय? तिथे प्राइनने जे केलं ते त्या काळी जवळजवळ कुणी करत नव्हतं.

मोठ्या कंपनीचा करार ढोबळमानाने असा असतो. कंपनी स्टुडिओचा खर्च करते, कलाकाराला आगाऊ रक्कम देते, आणि ते सगळं कलाकाराच्या वाट्यातून वळतं करून घेते. समजा प्रत दहा डॉलरला, कलाकाराचा वाटा दहा टक्के, आणि खर्च-उचल मिळून एक लाख डॉलर. म्हणजे एक लाख प्रती खपेपर्यंत कलाकाराला पुढे काही मिळणार नाही. कंपनीला मात्र पहिल्या प्रतीपासून पैसे येत राहतात. फेड पूर्ण झाली तरी ध्वनिमुद्रण कंपनीचंच. प्राइनने अटलांटिकसाठी चार अल्बम केले, नंतर असायलम या कंपनीसाठी तीन. सात अल्बम, नऊ वर्षं, नाव मोठं, खप बेताचा.

1981 मध्ये त्याने व्यवस्थापक अल बुनेटा याच्याबरोबर ‘ओह बॉय रेकॉर्ड्स’ काढली. पहिली तबकडी नाताळची दोन गाणी असलेली, लाल रंगाची. 1984 चा ‘एमलेस लव्ह’ हा तिथला त्याचा पहिला पूर्ण अल्बम. त्याचा खर्च निघेल एवढे पैसे चाहत्यांनी आधीच टपालाने पाठवले होते. इंटरनेटवर वर्गणी जमवायची कल्पनाही नव्हती तेव्हाची ही गोष्ट. यामागे काही चमत्कार नव्हता. दहा वर्षं गावोगाव छोट्या सभागृहांत गाऊन त्याने माणसं जोडली होती. त्यांना प्राइन ऐकायला रेडिओची गरज नव्हती.

आता वरचाच हिशोब स्वतःच्या कंपनीत मांडू. दहा डॉलरची प्रत टपालाने थेट ग्राहकाला गेली. तबकडी, पाकीट, टपाल, कामाला असलेली दोन-चार माणसं, असं सगळं वजा जाता समजा चार-पाच डॉलर उरले. मग एक लाखाचा खर्च वीस-पंचवीस हजार प्रतींतच फिटतो. मोठ्या कंपनीच्या नजरेत पंचवीस हजार प्रती म्हणजे पडलेला अल्बम. स्वतःच्या कंपनीत त्यापुढची प्रत्येक प्रत नफ्याची, आणि ध्वनिमुद्रण कायमचं आपलं.

यात धोकाही आहे, तो लपवू नये. वितरण कमी, जाहिरात नाही, आणि एक अल्बम गाळात गेला तर तोटा घरातून भरायचा. पहिली दहा वर्षं ओह बॉयची मजल बेताचीच होती. 1991 च्या ‘द मिसिंग इयर्स’ने ती बदलली. टॉम पेटीच्या वाद्यवृंदातला हॉवी एप्स्टाइन निर्माता, आणि या अल्बमला समकालीन लोकसंगीताचं ग्रॅमी मिळालं. ते मिळवणाऱ्या अल्बमची कंपनी गायकाच्या स्वतःच्या मालकीची होती.

1998 च्या आजाराकडे परत येऊ, कारण कारकिर्दीचा तिसरा आधार तिथे कळतो: मैफल. शस्त्रक्रियेत मानेचा काही भाग गेला, किरणोपचार झाले, आवाज खाली उतरला आणि अधिकच जाड झाला. जुन्या पट्टीत गाणी जमेनात. प्राइनने सगळ्या गाण्यांच्या पट्ट्या खाली आणल्या. तो सांगायचा की पट्टी बदलल्यामुळे स्वतःचीच जुनी गाणी त्याला नवी वाटू लागली. विशीत लिहिलेली म्हाताऱ्यांची गाणी आता त्याच वयाच्या, त्याच थकव्याच्या आवाजातून येऊ लागली. श्रोते कमी झाले नाहीत, वाढले. 1999 मध्ये आयरिस डिमेंट आणि इतर गायिकांबरोबरचा युगलगीतांचा अल्बम आला. 2005 च्या ‘फेअर अँड स्क्वेअर’ला पुन्हा ग्रॅमी मिळालं.

दरम्यान बाजाराचे खणही बदलले. कंट्री, लोकसंगीत, ब्लूज यांच्या मधोमध जगणाऱ्या कलाकारांसाठी ‘अमेरिकाना’ हे नाव रूढ झालं, 1999 मध्ये त्याची संघटना उभी राहिली, पुढे ग्रॅमीतही वेगळा विभाग आला. ज्या सीमारेषेवर प्राइन 1971 पासून उभा होता, तिथे आता अख्खी पेठ वसली. जेसन इसबेल, केसी मस्ग्रेव्हज, ब्रँडी कार्लाइल ही त्या पेठेतली मोठी नावं, आणि सगळी त्याला गुरुस्थानी मानणारी.

2018 चा ‘द ट्री ऑफ फर्गिव्हनेस’ हा त्याचा शेवटचा पूर्ण अल्बम. प्राइन लिहायचा आळस करतोय म्हणून पत्नी फिओना आणि मुलगा जोडी यांनी नॅशव्हिलच्या एका हॉटेलात त्याला आठवडाभरासाठी खोली घेऊन दिली. गिटारी, युकुलेली आणि अर्धवट ओळींच्या कागदांची खोकी घेऊन तो तिथे राहिला. हा अल्बम मुख्य यादीत पाचव्या क्रमांकावर आला, त्याच्या आयुष्यातला सर्वांत वरचा. कंपनी अर्थात ओह बॉय. 7 एप्रिल 2020 रोजी, वयाच्या 73 व्या वर्षी, कोविडने तो गेला. त्याचं शेवटचं ध्वनिमुद्रित गाणं ‘आय रिमेंबर एव्हरीथिंग’ याला पुढच्या वर्षी दोन ग्रॅमी मिळाली. कंपनी कुटुंबाकडे आहे आणि केल्सी वॉल्डन, ट्रे बर्ट यांसारख्या नव्या गीतकारांच्या तबकड्या काढते आहे.

ऐकायला सुरुवात करायची असेल तर 1971 चा पहिला अल्बम घ्या, आणि त्यातही ‘पॅरडाइज’. प्राइनने त्याची टेप वडिलांना ऐकवली होती. गाणं ज्यूकबॉक्सवर लागल्यासारखं वाटावं म्हणून वडील शेजारच्या खोलीत जाऊन बसले. अल्बम बाजारात यायच्या आधीच ते वारले. त्यानंतर ‘एंजल फ्रॉम माँटगोमरी’ आधी प्राइनचं आणि मग लगेच बॉनी रेटचं ऐका. शब्द तेच, चाल तीच. म्हातारी होत चाललेल्या बाईचं हे मनोगत आधी एका तरुण पुरुषाच्या आवाजात आणि मग एका बाईच्या आवाजात आलं की रचना वेगळी आणि ध्वनिमुद्रण वेगळं म्हणजे काय, ते कायद्याच्या कलमापेक्षा लवकर कळतं.